'थ्रिलर'चा नाद : एका लोकप्रिय संगीतसंचाच्या टिकाऊपणाची ध्वनिमीमांसा

सारांश

मायकल जॅक्सन यांचा 'थ्रिलर' हा संगीतसंच नोव्हेंबर १९८२ मध्ये प्रकाशित झाला. विक्रीचे उच्चांक, दूरचित्रवाणीवरील दृश्यफिती आणि गायकाचे वलय या अंगांनी त्याची चर्चा विपुल झाली आहे. त्याच्या ध्वनीचा विचार मात्र ध्वनिअभियंत्यांच्या वर्तुळापुरताच राहिला. प्रस्तुत लेखात या संचाच्या ध्वनिमुद्रणाची रीत, तबकडीच्या भौतिक मर्यादेने घडवून आणलेले पुनर्मिश्रण आणि नंतरच्या आवृत्त्यांतील फरक यांचा परामर्श घेतला आहे. ध्वनीचा दर्जा ही गाण्यावर मागाहून चढवलेली तांत्रिक झिलई नसून रचनेचाच एक घटक असतो, हे प्रतिपादन येथे केले आहे.

बीजसंज्ञा : लोकप्रिय संगीत, ध्वनिमुद्रण, ध्वनिमिश्रण, लाँग प्ले तबकडी, पाठभेद

१. प्रस्तावना

लोकप्रिय संस्कृतीचा अभ्यास आता महाविद्यालयीन अभ्यासक्रमांत रुजला आहे. तथापि गाणे अभ्यासासाठी वर्गात येते, तेव्हा बहुधा त्याचे शब्दच येतात. शब्दांचा आशय, गायकाची सामाजिक पार्श्वभूमी, श्रोतृवर्ग आणि बाजारपेठ यांचे विवेचन होते. पण गाणे प्रत्यक्षात कसे ऐकू येते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. भाषा व साहित्याच्या अध्यापकाला तो आपल्या कक्षेबाहेरचा वाटतो, तर विज्ञानाच्या अध्यापकाला त्यातील अर्थनिर्णयाचा भाग परका वाटतो. परिणामी ज्या एका गोष्टीमुळे श्रोता गाण्याकडे प्रथम ओढला जातो, तीच अभ्यासातून निसटते.

'थ्रिलर' हा या दृष्टीने उद्बोधक नमुना आहे. यात नऊ गाणी असून त्यांपैकी सात अमेरिकेतील 'बिलबोर्ड' यादीत पहिल्या दहांत पोहोचली. संच स्वतः त्या यादीत ३७ आठवडे प्रथम क्रमांकावर होता. २०२१ मध्ये अमेरिकेतील ध्वनिमुद्रण उद्योगाच्या संघटनेने त्याला ३४ वेळा 'प्लॅटिनम' ठरवले, म्हणजे एका त्या देशातच त्याची नोंद ३ कोटी ४० लाख प्रतींइतकी झाली. २००८ मध्ये अमेरिकेच्या 'लायब्ररी ऑफ काँग्रेस'ने त्याचा राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत समावेश केला. लोकप्रियतेचे हे आकडे स्वयंस्पष्ट आहेत. पण १९८२ साली गाजलेले बहुतांश संच आज ऐकताना त्या काळाचे ठसे वागवतात, आणि हा संच तुलनेने ताजा का वाटतो, याचे उत्तर आकडे देत नाहीत.

२. 'ध्वनीचा दर्जा' या संज्ञेचे दोन अर्थ

व्यवहारात 'आवाज चांगला आहे' असे म्हणताना दोन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ होते. पहिली गोष्ट माध्यमाची प्रामाणिकता. मूळ ध्वनिमुद्रणात जे होते, ते तबकडी, फीत वा संगणकीय संचिका कितपत जसेच्या तसे पोहोचवते, हा तिचा निकष. खरखर किती, खर्जाचे व तार ध्वनी कितपत शाबूत, सर्वांत हळू आणि सर्वांत मोठ्या आवाजांतील अंतर किती राखले जाते, हे प्रश्न त्यात येतात. या गोष्टी मोजता येतात.

दुसरी गोष्ट म्हणजे ध्वनीची मांडणी. कोणते वाद्य जवळ, कोणते दूर; कोणाला किती जागा; कोणत्या क्षणी कोणी गप्प राहायचे, हे निर्णय ध्वनिमुद्रणाच्या व ध्वनिमिश्रणाच्या वेळी होतात. ते मोजण्यापेक्षा पारखण्याचे आहेत. माध्यमाची प्रामाणिकता उत्तम असूनही मांडणी गचाळ असू शकते. उलट मांडणी पक्की असेल, तर ती निकृष्ट माध्यमातूनही तग धरते. 'थ्रिलर'च्या टिकाऊपणाचे रहस्य या दुसऱ्या अर्थात आहे. मात्र त्या मांडणीला निर्णायक वळण मिळाले ते पहिल्या अर्थाच्या, म्हणजे माध्यमाच्या, एका अडचणीमुळे.

३. निर्मितीची पार्श्वभूमी

संचाचे ध्वनिमुद्रण १९८२ मध्ये लॉस एंजेलिस येथील वेस्टलेक स्टुडिओत झाले. निर्माते क्विन्सी जोन्स आणि ध्वनिअभियंता ब्रूस स्वीडीन या जोडीने १९७९ चा 'ऑफ द वॉल' हा जॅक्सन यांचा संच आधी घडवला होता. दोघांचेही संस्कार जॅझ व वाद्यवृंदाच्या संगीतातील होते. स्वीडीन यांची उमेदवारी शिकागोच्या युनिव्हर्सल स्टुडिओत झाली, आणि तेथे ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी यांच्यासारख्यांच्या वाद्यवृंदांचे ध्वनिमुद्रण त्यांनी केले होते. वाद्यवृंद खोलीत कसा ऐकू येतो, भिंतींवरून परतलेला ध्वनी वाद्याला कसे शरीर देतो, याची जाण त्यांना तेथे मिळाली. पुढे विद्युत्-वाद्यांच्या संगीतातही त्यांनी ती वापरली.

गीतरचनेची जबाबदारीही विभागलेली होती. नऊपैकी चार गाणी जॅक्सन यांची, तर शीर्षकगीतासह तीन इंग्लंडच्या रॉड टेम्परटन यांची होती. 'ह्यूमन नेचर'ची चाल 'टोटो' या वाद्यवृंदाच्या स्टीव्ह पोर्कारो यांची. त्या वाद्यवृंदाचे अनेक वादक या संचात साथीला आहेत. डिस्कोविरोधी लाट १९७९ मध्ये येऊन गेली होती आणि अमेरिकी ध्वनिमुद्रण व्यवसाय मंदीत होता. कृष्णवर्णीय गायकांचे संगीत व गोऱ्या श्रोत्यांचे रॉक संगीत यांसाठी नभोवाणी केंद्रेही बव्हंशी वेगळी होती. अशा वेळी सर्व प्रकारच्या केंद्रांवर वाजेल असा ध्वनी घडवणे हे कलात्मक तसेच व्यावसायिक आव्हान होते.

४. तबकडीची मर्यादा आणि पुनर्मिश्रण

संचाचे पहिले अंतिम मिश्रण पूर्ण झाले, तेव्हा त्याची चाचणी प्रत ऐकून सर्वांचाच हिरमोड झाला. जॅक्सन यांनी 'मूनवॉक' (१९८८) या आत्मचरित्रात हा प्रसंग नोंदवला आहे. त्या क्षणी त्यांना अश्रू आवरले नाहीत. प्रकाशनाची तारीख डोक्यावर होती आणि 'द गर्ल इज माइन' हे पॉल मॅकार्टनी यांच्यासह गायलेले गाणे ऑक्टोबरमध्येच बाजारात आले होते. असे असूनही काम थांबवण्यात आले.

या अपयशाचे मुख्य कारण भौतिक होते, आणि ते समजण्यासाठी तबकडीची रचना पाहणे आवश्यक आहे. लाँग प्ले तबकडी मिनिटाला ३३⅓ फेरे घेते. तिच्या एका बाजूवर एकच सर्पिल खाच असते. खाचेच्या भिंतींची वळणे म्हणजेच ध्वनीच्या लहरी. खर्जाचा ध्वनी जितका जोरकस, तितके वळण रुंद. ही रुंदी आवाक्यात राहावी म्हणून तबकडी कोरताना खर्ज ठरावीक प्रमाणात कमी केला जातो आणि वाजवणाऱ्या यंत्रात तितकाच वाढवला जातो. तरीही तबकडीवरील जागा मर्यादितच राहते. एका बाजूवर अधिक मिनिटे बसवायची, तर लगतच्या खाचा जवळ आणाव्या लागतात. मग त्या एकमेकींत घुसू नयेत म्हणून ध्वनीची पातळी किंवा खर्ज उतरवावा लागतो. पातळी उतरली की संगीताच्या तुलनेत पृष्ठभागाची खरखर वाढते. याशिवाय सुई केंद्राकडे सरकते, तशी खाचेची तिच्याखालून जाण्याची गती घटते. बाहेरच्या कडेला ती सेकंदाला सुमारे ५१ सेंटिमीटर असते, तर आतल्या टोकाला सुमारे २१. त्यामुळे बाजूच्या शेवटी तार ध्वनींची स्पष्टता कमी होते.

'थ्रिलर'च्या पहिल्या मिश्रणात दोन्ही बाजू प्रमाणाबाहेर लांबल्या होत्या. नृत्यसंगीताचा प्राण असलेला खर्ज त्यामुळे क्षीण झाला. उपाय दोन होते. गाणी तशीच ठेवून आवाज उतरवायचा, किंवा आवाज राखून गाण्यांना कात्री लावायची. जोन्स व स्वीडीन यांनी दुसरा मार्ग पत्करला. 'द लेडी इन माय लाइफ'मधील एक कडवे वगळण्यात आले, इतर गाण्यांतही काटछाट झाली आणि नंतर साधारणतः दिवसाला एक गाणे या गतीने संपूर्ण संचाचे मिश्रण नव्याने करण्यात आले. प्रकाशित संचाची पहिली बाजू सुमारे २० मिनिटांची, तर दुसरी सुमारे २२ मिनिटांची आहे.

माध्यमाच्या मर्यादेने कलाकृतीला आकार देण्याचे हे पहिले उदाहरण नव्हे. ७८ फेऱ्यांच्या तबकडीत जेमतेम तीन-साडेतीन मिनिटे मिळत. रंगभूमीवर दीर्घकाळ रंगणारी नाट्यपदे बालगंधर्वांनी त्या अवधीत बसवली, तेव्हा पदाचे सार शोधणे भागच पडले. मर्यादा काय काढायचे हे सांगत नाही. काहीतरी काढलेच पाहिजे, एवढेच ती सांगते. निवड कलावंतालाच करावी लागते, आणि त्या निवडीतून त्याला काय मोलाचे वाटते ते उघड होते. 'थ्रिलर'च्या कर्त्यांनी शब्दांच्या एका कडव्यापेक्षा खर्जाचा भरीवपणा मोलाचा मानला. ध्वनी हा त्यांच्या लेखी रचनेचा भाग होता, याचा याहून स्पष्ट पुरावा मिळणे कठीण.

५. ध्वनिमुद्रणाची रीत

बहुमार्गी ध्वनिमुद्रणात प्रत्येक वाद्य फितीच्या स्वतंत्र पट्ट्यावर, म्हणजे ट्रॅकवर, घेतले जाते. आधी ताल व बेस, मग सुरावटीची वाद्ये, शेवटी गायन असा क्रम सामान्यतः असतो. दर वेळी नवे वाद्य मुद्रित करताना जुनी फीत पुनःपुन्हा वाजवावी लागते. चुंबकीय फितीच्या पृष्ठभागाची यात झीज होते आणि सर्वप्रथम तार ध्वनी व तालवाद्यांच्या आघाताची धार बोथट होते. फ्लीटवुड मॅक या वाद्यवृंदाच्या 'रूमर्स' (१९७७) या गाजलेल्या संचाच्या वेळी नेमके हेच घडले होते. सततच्या वापराने मूळ फिती झिजल्या आणि सुदैवाने बाजूला राहिलेल्या, फारशा न वाजवलेल्या समांतर फितीवरून तालवाद्ये परत आणावी लागली. दोन यंत्रांचा वेग हाताने जुळवत हे काम पार पाडण्यात आले.

स्वीडीन यांनी ही हानी टाळण्याची पद्धतच बसवली होती. तालवाद्यांचे मूळ मुद्रण एका फितीवर घ्यायचे, तिची कामचलाऊ प्रत काढायची आणि मूळ फीत अंतिम मिश्रणापर्यंत बाजूला ठेवायची. गायक-वादकांची सर्व सत्रे कामाच्या प्रतींवर चालत. शेवटी कालसंकेताच्या साहाय्याने अनेक यंत्रे एकत्र चालवून मूळ ताल व नंतरचे सर्व मुद्रण जुळवले जाई. या पद्धतीला त्यांनी 'अ‍ॅक्युसॉनिक' असे नाव दिले होते. नाव ऐकून एखाद्या गुप्त यंत्राचा भास होतो. प्रत्यक्षात ती शिस्तीने काम करण्याची रीत होती. ट्रॅकची संख्या वाढल्याने वाद्ये एकाच मायक्रोफोनऐवजी जोडीने, डाव्या-उजव्या अवकाशासह मुद्रित करणे त्यांना परवडू लागले.

गायनाच्या बाबतीतही हाच दृष्टिकोन दिसतो. जॅक्सन यांच्या बहुतांश मुख्य गायनासाठी त्यांनी शुअर कंपनीचा 'एसएम ७' हा तुलनेने साधा, नभोवाणी निवेदनासाठी प्रचलित असलेला मायक्रोफोन वापरला. जॅक्सन गाताना स्वस्थ उभे राहत नसत. ते पाय आपटत, चुटक्या वाजवत. हे आवाज दोष समजून गाळण्याऐवजी स्वीडीन यांनी ते गायनासोबत राहू दिले. साथीच्या सुरावटी जॅक्सन स्वतःच अनेक थरांत गात. एक थर मायक्रोफोनजवळून, तर पुढचा काही पावले मागे सरकून घेतला जाई, आणि मागच्या थराची पातळी वाढवून ती पहिल्याशी जुळवली जाई. त्यामुळे दुसऱ्या थराबरोबर खोलीतील परावर्तित ध्वनीही येई. एकाच गळ्यातून आलेला समूह सपाट न वाटता खोलीत उभा असल्यासारखा वाटतो, तो यामुळे. कृत्रिम प्रतिध्वनीच्या यंत्राने हा परिणाम असाच्या असा साधत नाही.

६. 'बिली जीन' : मोकळ्या जागेची रचना

वरील रीतीचे सर्वांत परिपूर्ण उदाहरण 'बिली जीन' हे होय. गाण्याचा आरंभ केवळ ड्रमच्या ठेक्याने होतो. मग बेसची फिरती सुरावट येते, त्यानंतर सिंथेसायझरचे तुटक स्वरगुच्छ, आणि सुमारे अर्ध्या मिनिटानंतर गायन. ही प्रस्तावना फार लांबते असे जोन्स यांचे मत होते. तीच ऐकून नाचावेसे वाटते, असा जॅक्सन यांचा आग्रह होता. काटछाटीच्या दिवसांतही ती टिकली, हे लक्षणीय आहे.

लिऑन 'एनडुगू' चान्सलर यांच्या ड्रमसाठी स्वीडीन यांनी खास लाकडी चौथरा बनवून घेतला होता. मोठ्या ड्रमवर मायक्रोफोनपुरते छिद्र असलेले आच्छादन घातले होते, आणि स्नेअर व झांजांच्या मध्ये एक फळी ठेवली होती, जेणेकरून एकाचा ध्वनी दुसऱ्याच्या मायक्रोफोनमध्ये मिसळू नये. पहिल्या दोन-तीन ठोक्यांतच गाणे ओळखू यावे, असे त्या ठेक्याला व्यक्तिमत्त्व हवे, ही जोन्स यांची अपेक्षा होती, आणि ती पूर्ण झाली. बेस गिटार लुई जॉन्सन यांची. तिला ग्रेग फिलिंगेन्स यांच्या सिंथेसायझरची जोड आहे. काही साथस्वर जॅक्सन यांनी पुठ्ठ्याच्या लांब नळीतून गायले असून मध्येच टॉम स्कॉट यांचे लिरिकॉन हे फुंकून वाजवायचे विद्युत्-वाद्य क्षणभर डोकावते.

वाद्यांची ही यादी मोठी वाटली, तरी कानाला गाणे विरळच भासते. याचे कारण प्रत्येक घटकाला कंप्रतेच्या पट्ट्यात आणि काळात स्वतःची जागा आहे. बेस खाली फिरतो, तेव्हा मधला पट्टा मोकळा असतो. स्वरगुच्छ वाजून लगेच थांबतात. गायन त्यांच्या मधल्या पोकळीत उतरते. ठेका मिनिटाला सुमारे ११७ ठोक्यांच्या गतीने अखेरपर्यंत बदलत नाही, म्हणून आजूबाजूला पडणारी लहानशी भरही श्रोत्याला घटना वाटते. स्वीडीन यांनी सांगितल्याप्रमाणे या गाण्याची ९१ मिश्रणे झाली. ती सर्व ऐकल्यावर जोन्स यांनी दुसऱ्या क्रमांकाचे मिश्रण पुन्हा ऐकण्यास मागितले, आणि तबकडीवर तेच गेले. पुढील ८९ प्रयत्न वाया गेले असे म्हणता येत नाही. अधिक काही करण्याची गरज नव्हती, हे त्यांच्यामुळेच सिद्ध झाले.

संयमाचे आणखी एक उदाहरण 'बीट इट'मध्ये सापडते. हे गाणे रॉक श्रोत्यांना जिंकण्यासाठी होते आणि त्यातील एकल गिटारवादन एडी व्हॅन हेलन यांनी केले. उर्वरित गिटार वाजवणारे स्टीव्ह लुकाथर यांनी प्रारंभी मोठ्या ध्वनिवर्धकांवर भरघोस आवाज घेतला होता. तो फारच जड असल्याचे सांगून जोन्स यांनी त्यांना लहान ध्वनिवर्धकावर पुन्हा वाजवायला लावले. लहान ध्वनिवर्धकाची गिटार नेमक्या पट्ट्यात राहते, बेस व गायन झाकत नाही. परिणामी मिश्रणात तीच अधिक धारदार ऐकू येते.

७. एक आक्षेप : यश ध्वनीचे की दृश्याचे?

या प्रतिपादनावर एक सयुक्तिक आक्षेप घेता येईल. 'थ्रिलर'चे यश ध्वनीचे नसून दृश्यफिती, नृत्य आणि वलय यांचे आहे, असे मत प्रचलित आहे. याबाबत घटनाक्रम पाहणे उचित ठरेल. संच फेब्रुवारी १९८३ च्या अखेरीस बिलबोर्ड यादीत प्रथम स्थानी पोहोचला. 'बिली जीन'ची दृश्यफीत एमटीव्ही या वाहिनीवर मार्चमध्ये गाजू लागली. जॅक्सन यांचे मागे सरकणारे नृत्य ज्यात प्रथम दिसले, तो 'मोटाउन २५' हा कार्यक्रम १६ मे १९८३ रोजी प्रक्षेपित झाला. जॉन लँडिस दिग्दर्शित शीर्षकगीताची दीर्घ दृश्यफीत तर डिसेंबर १९८३ मध्ये आली. म्हणजे प्रथम स्थान मिळवून देणारे श्रोते मुख्यतः नभोवाणी व तबकडीचे होते.

दृश्याचा वाटा नाकारण्याचे कारण नाही. विक्रीची असाधारण उंची आणि एमटीव्हीवर कृष्णवर्णीय कलावंतांना मिळालेला प्रवेश यांत तो निर्णायक होता. पण दृश्याने श्रोत्यांची संख्या वाढवली. त्यांना पुन्हा पुन्हा परत आणण्याचे काम ध्वनीने केले. फेब्रुवारी १९८४ च्या ग्रॅमी समारंभात जॅक्सन यांना आठ पारितोषिके मिळाली, याची चर्चा होते. त्याच समारंभात याच संचाच्या ध्वनिमुद्रणासाठी स्वीडीन यांनाही पारितोषिक मिळाले, हे क्वचितच सांगितले जाते.

८. निकृष्ट माध्यमाची कसोटी

मांडणी पक्की असेल, तर ती निकृष्ट माध्यमातही तग धरते, या विधानाची कसोटी भारतात आपोआप लागली. येथे १९८० च्या दशकात पाश्चात्त्य संगीत पोहोचले ते प्रामुख्याने कॅसेटवरून, आणि त्यांतही एका कॅसेटवरून दुसरी करत गेलेल्या प्रतींवरून. व्यावसायिक स्टुडिओतील फीत सेकंदाला १५ किंवा ३० इंच गतीने धावते. कॅसेटची गती पावणेदोन इंचांहून थोडी अधिक आणि तिची फीतही अरुंद. प्रत्येक प्रतीगणिक सरसर वाढते व तार ध्वनी झिजतात. तरीही 'बिली जीन'चा ठेका आणि 'बीट इट'ची गिटार त्या प्रतींतूनही ओळखू येत असे. १९८५ च्या 'दोंगा' या तेलुगू चित्रपटातील चिरंजीवी यांचे नृत्यगीत 'थ्रिलर'च्या दृश्यफितीचे उघड अनुकरण होते. १ नोव्हेंबर १९९६ रोजी मुंबईत अंधेरीच्या क्रीडासंकुलात जॅक्सन यांचा कार्यक्रम झाला, तेव्हा या संचाला चौदा वर्षे होत आली होती, आणि तरीही त्यातील गाणी कार्यक्रमाच्या केंद्रस्थानी होती. माध्यमाची प्रामाणिकता जवळपास नसतानाही हे घडले, यावरून मांडणीचे सामर्थ्य ध्यानात येते.

९. आवृत्त्या, पाठभेद आणि वाढता आवाज

कॅसेटच्या झिजेहून अधिक चिंतेची बाब म्हणजे सुधारणेच्या नावाने झालेले बदल. मानवी कानाचा एक स्वभाव आहे. हळू आवाजात त्याला खर्ज व अतितार ध्वनी तुलनेने कमी ऐकू येतात. फ्लेचर व मन्सन या शास्त्रज्ञांनी १९३३ मध्येच हे मोजून दाखवले होते. त्यामुळे तेच गाणे थोडे मोठ्याने लावले, की ते अधिक भरीव, अधिक चांगले वाटते. नव्वदच्या दशकापासून ध्वनिमुद्रण व्यवसायाने या स्वभावाचा फायदा घेण्यास प्रारंभ केला. डिजिटल तबकडीवर आवाजाची कमाल मर्यादा ठाम असते. तिच्यापलीकडे जाता येत नसल्याने ठोक्यांची टोके दाबून उरलेला सर्व ध्वनी वर उचलण्यात येऊ लागला. यात सरासरी आवाज वाढतो, पण ठोका आणि त्यामागील शांतता यांतील अंतर घटते.

ज्या गाण्यांत मुळातच गर्दी आहे, त्यांचे यात फारसे बिघडत नाही. 'थ्रिलर'सारख्या मोकळ्या जागेवर उभ्या असलेल्या रचनेचे मात्र मर्मच दुखावते. त्याच्या १९८० च्या दशकातील डिजिटल तबकडीची सरासरी पातळी कमी आहे. २००१ च्या विशेष आवृत्तीत व २००८ च्या पंचविसाव्या वर्षाच्या आवृत्तीत ती वाढलेली आढळते. आवाज समान पातळीवर आणून या प्रती एकापाठोपाठ ऐकल्या, तर ड्रमच्या आघातातील फरक सामान्य श्रोत्यालाही जाणवू शकतो. अलीकडे ऑनलाइन संगीतसेवा सर्व गाणी समान पातळीवर आणून वाजवतात. त्यामुळे आवाज चढवण्याचा लाभ बव्हंशी संपला आहे. दाबलेली टोके मात्र परत येत नाहीत.

याच्या उलट टोकाला 'शुद्ध' प्रतीचा ध्यास आहे. २०२२ मध्ये 'मोबाइल फिडेलिटी' या अमेरिकी कंपनीने संचाच्या चाळीसाव्या वर्षानिमित्त विशेष तबकडीच्या ४०,००० प्रती काढण्याचे जाहीर केले. इतक्या प्रती थेट मूळ फितीवरून काढायच्या, तर ती कितीतरी वेळा वाजवावी लागेल, असा प्रश्न जाणकारांनी उपस्थित केला. त्याच वर्षी कंपनीच्या अनेक तबकड्यांच्या निर्मितीत आधीपासूनच डिजिटल टप्पा असल्याचे समोर आले आणि प्रकरण न्यायालयात गेले. ग्राहकांची तक्रार माहिती दडवल्याची होती व ती रास्त होती. परंतु ज्या तबकड्या वर्षानुवर्षे नैसर्गिक ध्वनीसाठी वाखाणल्या गेल्या, त्यांत डिजिटल टप्पा होता हे कानाला कळले नव्हते, हेही त्यातून स्पष्ट झाले. प्रक्रियेच्या नावापेक्षा ती कोणत्या विवेकाने वापरली, याला अधिक महत्त्व आहे.

मराठी अभ्यासकांना हा प्रश्न अपरिचित नाही. ज्ञानेश्वरीच्या प्रतींत शिरलेले अपपाठ दूर करून एकनाथांनी शके १५०६ मध्ये शुद्ध प्रत सिद्ध केली, तेव्हापासून 'मूळ पाठ कोणता' हा आपल्या विद्याव्यवहाराचा एक मध्यवर्ती प्रश्न राहिला आहे. ध्वनिमुद्रित संगीतालाही पाठभेद असतात. मात्र तेथे शब्द तेच, चाल तीच, गायकही तोच असतो; बदलतो तो केवळ ध्वनी. त्यामुळे हा पाठभेद नजरेत येत नाही, आणि वर्गात कोणती आवृत्ती ऐकवली याची नोंद ठेवण्याची गरज कोणालाच वाटत नाही. ग्रंथाची आवृत्ती न सांगता उतारा देणे जिथे गैर मानले जाते, तिथे ध्वनिमुद्रणाबाबत ही मोकळीक असणे विसंगत आहे.

१०. निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

(१) 'थ्रिलर'चा ध्वनी टिकला, त्यामागे यंत्रसामग्रीच्या नावीन्यापेक्षा संयम, मोकळी जागा आणि मूळ मुद्रणाची काटेकोर जपणूक ही कारणे अधिक महत्त्वाची आहेत.

(२) तबकडीच्या मर्यादेने कर्त्यांना शब्द आणि ध्वनी यांत निवड करण्यास भाग पाडले. त्यांनी ध्वनी निवडला, यावरून तो रचनेचा घटक असल्याचे सिद्ध होते.

(३) माध्यमाची प्रामाणिकता व ध्वनीची मांडणी हे दोन निकष वेगळे ठेवले पाहिजेत. पहिल्यातील उणीव दुसरा काही अंशी भरून काढतो. दुसऱ्यातील उणीव पहिल्याने भरून निघत नाही.

(४) लोकप्रिय संगीताच्या अध्यापनात गीताच्या शब्दांबरोबर ध्वनिमुद्रणाचे वर्ष व आवृत्ती यांची नोंद आवश्यक मानावी.

मायकल जॅक्सन २००९ मध्ये, ब्रूस स्वीडीन २०२० मध्ये आणि क्विन्सी जोन्स २०२४ मध्ये निवर्तले. ९१ मिश्रणांमधून दुसरे निवडताना त्यांना काय ऐकू आले होते, हे आता त्यांना विचारता येणार नाही. ते केवळ ध्वनिमुद्रणातूनच कळू शकते, आणि त्यासाठी ते ध्वनिमुद्रण जसे केले गेले तसे उपलब्ध राहिले पाहिजे. ग्रंथालयांत जुन्या आवृत्त्या जपण्याची जी जबाबदारी महाविद्यालये मान्य करतात, तीच ध्वनिमुद्रणांनाही लागू होते. अन्यथा पुढील पिढीच्या विद्यार्थ्यांपर्यंत गाणे पोहोचेल, परंतु त्यातील ज्या शांततेसाठी एक कडवे गमावले गेले, ती शांतता पोहोचणार नाही.